गबाळं, भोंगळ आणि जावयाचं काम

आमच्या वाडीत शिव्यांना तोटा नव्हता. सकाळी मासळी उतरायच्या वेळी किनाऱ्यावर जे काही बोललं जायचं ते इथे लिहिलं, तर माझी नात हे पुस्तक कपाटात घालून कुलूप लावील. पण त्या शिव्यांचं कुणाला काही वाटत नसे. ज्याला दिली तोच संध्याकाळी देणाऱ्याच्या ओटीवर तंबाखू मळत बसलेला दिसायचा. थोरल्या काकीने मात्र एखाद्याच्या जाळ्यावर बोट ठेवून नुसतं "गबाळं झालंय" म्हटलं, की चांगला मिशीवाला बाप्या जाळं खांद्यावर टाकून निमूट घरी जायचा. बाबांच्या थोरल्या भावाची ही बायको. काका ऐन उमेदीत तापाने गेले, मूलबाळ नव्हतं. तिच्या आणि आमच्या घरात एकच भिंत होती, चुली मात्र दोन. वाडीतल्या म्हाताऱ्या बायकासुद्धा तिला थोरली म्हणायच्या आणि तिला ते आवडायचं. मी लिहायला बसले की सगळ्यात आधी तिचाच आवाज कानात येतो, म्हणून हे प्रकरण तिचं.

पावसाळ्यात समुद्र बंद झाला की आमचं सगळं आयुष्य मागच्या पडवीत यायचं. झड आत येऊ नये म्हणून बाहेरून माडाचे झाप बांधलेले असत, त्यामुळे पडवीत दिवसाही अर्धवट उजेड. पागोळ्यांचा आवाज, पलीकडे समुद्राचा घुमारा आणि मधूनमधून काकीचं खाकरणं. आढ्याला जाळं टांगलेलं असायचं. तेव्हा जाळी सुती होती, नायलॉनची नुकती कुठे ऐकू येऊ लागली होती. ऐनाच्या झाडाची साल उकळून त्या लाल पाण्यात सूत बुडवून ठेवायचे, म्हणजे ते खाऱ्या पाण्याला टिकायचं. तो तुरट वास आमच्या कपड्यांना, अंथरुणाला, वह्यांनाही यायचा. शाळेत मास्तर माझी वही नाकाशी धरून न बघताच ओळखायचे. सकाळी पेज आणि निखाऱ्यावर भाजलेला सुका बोंबील, दुपारी कुळथाचं पिठलं नाहीतर सुकटीचं कालवण, वर आमसुलाचं सार. आईच्या हातचं सार चांगलं, पण बोंबील भाजावा तो काकीने. कुठेही करपलेला नाही, कुठेही चिवट नाही. आई म्हणायची, "तुजी काकी बोंबलालापन धाकात ठेवते."

रापण म्हणजे काय ते आता रत्नागिरीतल्या पोरांनाही सांगावं लागतं, म्हणून सांगते. किनाऱ्यावरून ओढायचं ते लांबच लांब जाळं. होडी ते घेऊन समुद्रात अर्धगोल फेरी मारते आणि दोन्ही टोकांचे दोर किनाऱ्यावरची माणसं ओढतात, बायका, पोरं, म्हातारे, सगळी. पण हे जाळं एकट्या कुणाचं नसतं. प्रत्येक घर आपापला तुकडा आणतं, ते तुकडे एकमेकांना जोडले की रापण होते. त्यामुळे एका घराने गाठी ढिल्या मारल्या तर सगळ्या वाडीचा मासा त्याच भोकातून निघून जातो. वाटा मिळायचा तो दोन गोष्टींवर, घरचं जाळं आणि घरचा हात. जाळं दुसऱ्याकडून करून घेतलं तर त्या घराचा वाटा बंद. काका गेले तेव्हा सगळ्यांना वाटलं, आता थोरलीचा तुकडा निघणार. बाई दोर ओढते हे ठीक, पण जाळं विणणं बाप्यांचं काम. काकीने बाराव्याला आलेली माणसं परतल्यावर काकांची लाकडी सुई घेतली आणि पडवीत बसली. नारळी पौर्णिमेनंतर सगळ्यांनी आपापले तुकडे वाळूवर पसरले तेव्हा तिचा तुकडा इतका नेटका निघाला की तांडेलाने, म्हणजे रापणीच्या मुख्याने, तो मधोमध लावला, मासा गोळा होतो त्या पिशवीच्या शेजारी. तिथे जोर सगळ्यात जास्त येतो. तेव्हापासून तिची ती जागा ठरली आणि दुसऱ्यांचे तुकडे तपासायचं कामही आपोआप तिच्याकडे आलं.

आणि मग तिचे शब्द. शिकणाऱ्याच्या हातून बिघडलं तर ते "गबाळं". हा शब्द ती जवळजवळ लाडाने म्हणायची. लक्ष गप्पांत आणि हात जाळ्यात, असं केलेलं काम "भोंगळ". येत असून टाळाटाळ केली तर "थातुरमातुर", आणि हे म्हणताना ती दुसरीकडे बघायची, जणू त्या कामाकडे बघूनही डोळे विटाळतील. पण वाडी ज्याला खरी घाबरायची तो तिचा स्वतःचा शब्द होता, "जावयाचं काम". सासुरवाडीला आलेला जावई उगाच कोयता हातात घेतो, सगळे बघत असेपर्यंत दोन नारळ सोलतो, सासू कौतुक करते, आणि त्याच्यामागे नारळांना चिकटून राहिलेली सोडणं दुसरं कुणीतरी काढत बसतं. वरून छान आणि आतून पोकळ, शिवाय बोलायची सोय नाही, असं जे काही असेल ते जावयाचं काम. मुंबईहून गिरणीतली नोकरी सोडून आलेल्या शिवरामने पहिल्याच वर्षी जाळ्याच्या कडा अशा सुरेख केल्या की पोरी बघायला जमल्या. काकीने मधला भाग उचलून उजेडाकडे धरला. "कडा बायकोला दाखवायच्या काय रे? ह्ये जावयाचं काम झालं." सगळा किनारा हसला, शिवरामही हसला, आणि त्याचं नाव पुढे कित्येक वर्षं जावईच राहिलं. पण लोक एवढंच सांगतात. त्या दिवशी दुपारभर काकी त्याच्या ओटीवर बसून त्याच्याबरोबर गाठी उसवत होती आणि त्याच्या घरची पेज पिऊन संध्याकाळी परत आली, हे कुणी सांगत नाही. शब्द टाकून ती कधी निघून गेली नाही.

हल्ली माझी नात कशालाही "भंगार" म्हणते. ऑफिसातलं प्रेझेंटेशन भंगार, पार्लरवालीने केलेले केस भंगार, गच्चीचं वॉटरप्रूफिंग भंगार. मी तिला म्हटलं, अगं, गच्चीवाल्याने थातुरमातुर केलं आणि पार्लरवालीचं गबाळं झालं, यात फरक आहे की नाही? गच्चीवाल्याला पैसे देऊ नकोस आणि पार्लरवालीकडे पुन्हा जा. ती म्हणाली, "आजी, तुझ्याकडे सगळ्याचे ग्रेड असतात." असतात बाई. ते ज्या बाईने शिकवले तिला अक्षर येत नव्हतं, आणि त्यावरून तिला कुणी कमी लेखलं असतं तर तिने त्या माणसाच्या शर्टाची शिवण तपासली असती.

मी तिच्याकडे विणायला शिकले ते मुख्यतः आईच्या हाताखाली भांडी घासायला लागू नयेत म्हणून. सुईवर सूत भरायचं, बांबूच्या पट्टीवरून फिरवायचं, खालच्या घरातून, म्हणजे जाळ्याच्या चौकटीतून, काढायचं आणि गाठ आवळायची. ऐकायला सोपं आहे. माझ्या पहिल्या गाठी बघून काकी म्हणाली, "गाठ बसली नाय गो. नुसती निजलीय." एकदा मी चिडून स्वतःलाच म्हटलं की मीच गबाळी आहे. तिने सुई खाली ठेवली. "काम गबाळं म्हन. मानूस गबाळा म्हनू नको. काम उसवता येतं. मानसाला कुठून उसवशील?" पुढे मी नर्सिंगला गेले, माझ्या हाताखाली किती मुली शिकून गेल्या. हे वाक्य मी त्यांच्यापैकी प्रत्येकीला कधी ना कधी ऐकवलं आहे.

मी अकरावीत होते त्या पावसाळ्यात काकी तांदूळ निवडायला अंगणाच्या कडेला, अगदी उजेडात बसू लागली. मग भातात खडे यायला लागले. काकीच्या भातात खडा! जाळ्यावर ती पूर्वीसारखीच बसायची, पण मान वर असायची आणि बोटं घरांवरून सारखी फिरत असायची. डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. पुढे रत्नागिरीला नेऊन ऑपरेशन झालं, जाड भिंगांचा चष्मा आला, तो लावून तिने माझ्या लग्नातल्या मांडवाच्या गाठीही तपासल्या. पण तेव्हा ऑपरेशनचं नाव काढलं तरी माणसं हात जोडायची, आणि काकीने तर डोळ्यांचं कुणाला कळूच दिलं नव्हतं.

तुकडे जोडायच्या आदल्या दिवशी तिचं जाळं घडी करायला मी घेतलं. मधोमध, जिथे जोर येणार तिथेच, गाठी हाताने ओढल्या की सरकत होत्या. काही ठिकाणी दोन घरं एकात गेली होती, एका ठिकाणी माझा हात कोपरापर्यंत गेला असता. मी तशीच बाबांकडे गेले. ते होडीच्या वल्ह्याला तेल लावत होते. सगळं ऐकून म्हणाले, "तू गप ऱ्हा. थोरलीचा तुकडा कोन बघत नाय. एक वर्स ढकलू." ही खरी गंमत होती, आणि आमच्या सगळ्या वाडीची चूकही. इतकी वर्षं तिने प्रत्येकाचं जाळं बघितलं, पण तिचं कुणी बघितलंच नव्हतं. तिचं जाळं चांगलंच असणार हे आम्ही धरून चाललो होतो. आता बोलावं तर हात गेला म्हणून तिचा वाटा बंद, आणि त्या वाट्यावर तिची चूल होती. गप्प बसावं तर सगळ्या वाडीचा पहिला मासा तिच्या तुकड्यातून जाणार आणि तिचं नाव त्याच्याबरोबर जाणार.

सकाळी वाळूवर तुकडे पसरले. काकी एकेकाशी बसत होती, बोटांनी चाचपत होती. "ह्ये बरं हाय." "ह्ये भोंगळ, कुठं गप्पा मारत व्हतास?" शब्द नेहमीचेच होते, पण ती जाळ्याकडे बघत नव्हती, समोर समुद्राकडे बघत होती. हळूहळू ते सगळ्यांच्या ध्यानात आलं. बोलणं कमी होत गेलं. कुणी हसलं नाही, कुणी कुजबुजलं नाही. ज्यांना ती आयुष्यभर बोलली होती ती माणसं तिच्या वाटेतल्या दोऱ्या पायाने बाजूला सारत होती, म्हणजे ती अडखळू नये. आमच्या लोकांच्या तोंडाविषयी मी मघाशी लिहिलं, तेव्हा त्यांचं हेही लिहायला हवं. शेवटी तिचा तुकडा राहिला. गणू तांडेल, पन्नाशीचा गंभीर माणूस, त्याने हात झटकले. "थोरलीचा काय बघायचा? बांधा."

"का रे?" काकी म्हणाली. "माझ्या जाळ्यातून जाताना मासा लाजतो?"

बाबा वाळूत काहीतरी शोधत असल्यासारखे खाली वाकले.

"सुले, तू बग."

मी गुडघ्यावर बसले. बघायचं काही नव्हतं, आदल्या दिवशीच बघून झालं होतं. सगळी वाडी माझ्याभोवती उभी होती. खोटं बोलले असते तर तिथे एकानेही मला अडवलं नसतं, एवढं सगळ्यांचं तिच्यावर प्रेम होतं. पण तिने मला बघायला सांगितलं होतं, दुसऱ्या कुणाला नाही.

"गबाळं झालंय, काकी," मी म्हटलं आणि मला रडू फुटलं.

"रडतेस कशाला? कुठं झालंय ता दाखव."

मी तिचा हात धरून त्या जागी ठेवला. तिची बोटं एकेका गाठीवर थांबत गेली. एक सरकली. दुसरी सरकली. त्या मोठ्या भोकाशी आल्यावर तिने पूर्ण तळहात आत घातला आणि तसाच थोडा वेळ ठेवला. मी तिचं तोंड बघत होते. ते आधी पडलं, मग हनुवटी वर आली. "बरोबर बोललीस," ती म्हणाली. "गबाळंच हाय." कमरेचा चाकू काढून तिने स्वतःच्या हाताने तो सगळा मधला भाग कापून काढला, सगळ्यांसमोर. मग काकांची ती सुई माझ्या मांडीवर टाकली. "भर."

मी तिथेच वाळूत बसून विणायला घेतलं. उन्हं चढली, कुणीतरी माझ्यावर झाप धरला. काकी शेजारी बसून प्रत्येक ओळ बोटांनी बघत होती. दोनदा तिने उसवायला लावलं, आणि मी उसवलं. तांडेल उभाच होता. काम संपत आलं तेव्हा त्याने घसा साफ केला. त्याला हे बोलायचं नव्हतं ते दिसत होतं, पण रापण सगळ्यांची होती आणि नियम त्यालाच सांभाळायचा होता. "थोरले, जाळा झ्याक झाला. पन हात पोरीचा. पोर धाकट्याच्या चुलीवरची. मंग तुजा वाटा कसा धरायचा?"

बाबा पुढे आले. मला वाटलं ते हात जोडतील. त्यांनी तसं काही केलं नाही. "आज रातपासून पोर थोरलीच्या चुलीवर जेवंल," ते म्हणाले. "जिथं जेवते तिथला तिचा हात."

तांडेलाने सगळ्यांकडे एकदा बघितलं. "बगू," म्हणाला. "पान्यातून काय येतं ता बगू आनि मंग बोलू." तुकडा मात्र त्याने मधोमधच बांधायला लावला. त्या रात्री मी माझं ताट घेऊन भिंतीपलीकडे गेले. आई दारात उभी होती. "जेवायला खुशाल तिकडं जा," ती म्हणाली, "भांडी घासायला हिकडं ये." पदराने डोळे पुसत होती, तरी हे बोलायची काही थांबली नाही.

पहिली रापण ओढली त्या दिवशी दोरावर मी काकीच्या मागेच होते. दोर हाताला काचत होता, पाणी कमरेपर्यंत, आणि ओढणाऱ्यांच्या आरोळीचा हेल कानात घुमत होता. जाळं जसजसं जवळ आलं तसं पाणी चमकायला लागलं. बांगडा होता, भरपूर, मधली पिशवी ताणून फुगलेली. माझं लक्ष मासळीकडे नव्हतं. मी त्या पिशवीशेजारच्या गाठी बघत होते. एकही सरकली नाही. काकीला दिसत नव्हतं, ती विचारत होती, "धरलं काय गो? धरलं काय?" आणि माझ्या आधीच शिवराम ओरडला, "धरलं, थोरले! धरलं!"

मग वाळूवर वाटे पडले. एकेका घराचा ढीग, आणि तांडेल ढिगाशी उभा राहून घराची हाक द्यायचा. ज्या घराची हाक येई, त्या घराच्या माणसाने "ओ" म्हणून टोपली घेऊन पुढे व्हायचं. आमच्या घराची हाक झाली, बाबा गेले. जावयाची झाली. एकामागून एक सगळ्यांची झाली. एक ढीग राहिला. तांडेल त्याच्याशी जाऊन उभा राहिला आणि मला वाटलं आता तो नियम सांगणार. काकी ताठ उभी होती, टोपली दोन्ही हातांनी धरलेली.

"थोरलीचं घर," तांडेलाने मोठ्याने हाक दिली. मग सगळ्या किनाऱ्याला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "सुलोचना!"

मला वाडीत कुणी सुलोचना म्हणत नसे. मी तशीच उभी राहिले. काकीने टोपली माझ्या हातात कोंबली आणि कोपराने मला ढोसलं.

"ओ दे गो," ती म्हणाली. "मासा उन्हात वाळतोय."